अपिलाची तारीख लागेपर्यंत मुद्दाच संपला, तर?

विलेपार्ल्याची १९८७ची पोटनिवडणूक आठवणारे पार्लेकर अजून भेटतात. १३ डिसेंबरला मतदान झालं, डॉ. रमेश प्रभू निवडून आले. हरलेले उमेदवार प्रभाकर कुंटे यांनी मुंबई उच्च न्यायालयात निवडणूक याचिका टाकली. प्रचारसभांमध्ये धर्माच्या नावावर मतं मागितली, असा आरोप होता. ७ एप्रिल १९८९ला उच्च न्यायालयाने निवडणूक रद्द केली. प्रभू अपिलात सर्वोच्च न्यायालयात गेले आणि त्या अपिलाचा निकाल लागला ११ डिसेंबर १९९५ला. तोवर ती विधानसभा संपली होती, १९९०ची नवी येऊन तीही संपली होती आणि १९९५ची तिसरी कामाला लागली होती. ज्या खुर्चीवरून भांडण, ती खुर्ची केव्हाच उचलून नेलेली. तरी न्यायालयाने अपील ऐकलं, निकाल दिला आणि निवडणूक रद्दच राहिली.

याच्या बरोबर उलट गोष्ट ओरिसातली. तिथल्या एका आमदाराच्या निवडीला लोकनाथ पाधान यांनी आव्हान दिलं होतं. उमेदवाराचे सरकारी कामांचे ठेके चालू होते, त्यामुळे तो उभं राहायलाच अपात्र होता, असं त्यांचं म्हणणं. उच्च न्यायालयात ते हरले आणि सर्वोच्च न्यायालयात आले. अपील पडून असतानाच ओरिसा विधानसभा विसर्जित झाली. १९७४ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आता हा प्रश्न निव्वळ पुस्तकी उरला आहे, त्यात आम्ही शिरणार नाही.

दोन्हीकडे खुर्ची गेलेली, दोन्हीकडे अपील बाकी. मग एक का ऐकलं आणि दुसरं का सोडून दिलं?

उत्तर ओरिसाच्याच निकालात आहे. ठेक्यामुळे येणारी अपात्रता त्या निवडणुकीपुरती असते. ठेका होता असं ठरलं असतं, तरी विसर्जित सभागृहातली निवड रद्द होण्यापलीकडे काही घडलं नसतं. भ्रष्ट आचरणाचा ठपका (धर्माच्या नावावर मतं मागणं हेही त्यातच येतं) मात्र माणसाच्या मागे पुढच्या निवडणुकांपर्यंत येतो. लोकप्रतिनिधित्व कायद्यानुसार त्यातून सहा वर्षांपर्यंतची अपात्रता लागू शकते. पार्ल्याच्या खटल्यात तेच झालं. त्या निकालाच्या आधारे, प्रभूंच्या प्रचारसभांत भाषणं केलेल्या बाळासाहेब ठाकरे यांचा मतदानाचा आणि निवडणूक लढवण्याचा हक्क ११ डिसेंबर १९९५पासून सहा वर्षांसाठी काढून घेतला गेला, आणि तो आदेश निघाला १९९९मध्ये. त्याच ११ डिसेंबरला मनोहर जोशींच्या १९९०च्या दादरमधल्या निवडीचंही अपील निकाली निघालं. जोशी ते जिंकले. दादरची ती आमदारकी संपली होती, पण ते तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री होते. ठपका कायम राहिला असता तर केवढा गोंधळ झाला असता, याचा अंदाज करायला कायद्याची पदवी लागत नाही.

तर कसोटी ही आहे: आज निकाल माझ्या बाजूने लागला, तर माझ्या हातात काय पडेल? काहीच पडणार नसेल, तर प्रकरण निष्फळ. वकिलांच्या बोलण्यात ‘मॅटर इन्फ्रक्च्युअस झालं’. थोडंसं जरी पडणार असेल, पैसा, हक्क, नावावरचा डाग पुसला जाणं, तर प्रकरण जिवंत.

हे वाचायला सोपं आहे. कोर्टात ते अवघड होतं, कारण आपल्याकडे अपील वर्षानुवर्षं पडून असतं आणि बाहेरचं जग काही थांबत नाही.

अपील केलं म्हणजे सगळं थांबलं?

नाही. हा गैरसमज इतका पक्का आहे की शिकलेली माणसंही त्यात फसतात. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ची. तिच्या आदेश ४१च्या नियम ५मध्ये स्वच्छ लिहिलं आहे की नुसतं अपील दाखल केल्याने खालच्या कोर्टाच्या हुकूमनाम्याला, म्हणजे दाव्यातल्या निकालाच्या हुकुमाला, स्थगिती मिळत नाही. ती वेगळा अर्ज देऊन मागावी लागते, कारण दाखवावं लागतं, आणि कोर्ट तारण किंवा रक्कम भरायला सांगू शकतं. स्थगिती नसेल तर समोरचा दरखास्त टाकतो, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागतो, आणि एके दिवशी बेलिफ, म्हणजे कोर्टाचा हुकूम बजावणारा कर्मचारी, दारात उभा राहतो. ‘अहो, पण माझं अपील आहे ना!’ या वाक्याचा बेलिफावर काही परिणाम होत नाही.

पण इथेच दुसरा गैरसमज सुरू होतो. ताबा गेला, पैसे भरले, म्हणजे अपील संपलं, असं लोक धरून चालतात. तसंही नाही. संहितेचं कलम १४४ नेमकं यासाठीच आहे. वरच्या कोर्टात हुकूमनामा उलटला, तर त्याच्या जोरावर जे घेतलं ते परत करावं लागतं: ताबा, रक्कम, मधल्या काळातलं उत्पन्नसुद्धा. न्यायालयाच्या कृतीमुळे कुणाचं नुकसान राहू नये, हे त्यामागचं जुनं तत्त्व. म्हणून जप्ती टाळायला हुकूमनाम्याची रक्कम भरणारा माणूस ‘हक्क राखून, अपिलाच्या निकालाच्या अधीन राहून भरतो’ असं लिहून देतो. ती एक ओळ पुढे कामाला येते. ती न लिहिता, उलट ‘प्रकरण मिटलं’ अशा अर्थाचं काही लिहून दिलं असेल, तर मात्र अपिलाचा पाया आपणच उखडलेला असतो.

इमारतच पाडली तर? भाडेकरूच्या दाव्यात हा प्रश्न फार येतो. जागाच नाही, तर ताबा कशाचा मागणार? बरीच वर्षं अनेकांची समजूत होती की भिंतींबरोबर भाडेकरूपणही कोसळतं. महाराष्ट्रातून गेलेल्या शहा रतनसी खिमजी आणि सन्स यांच्या प्रकरणात महानगरपालिकेने इमारत पाडली होती. २०१४मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी सांगितलं की भाडेपट्टा जमिनीलाही चिकटलेला असतो, त्यामुळे केवळ बांधकाम गेलं म्हणून भाडेकरूचा हक्क संपत नाही. जुन्या इमारतींच्या पुनर्विकासाचे वाद ज्यांच्या घरात आहेत, त्यांनी ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे.

लग्न उरकलं, तरी अपील उरतंच

समोरच्याने घाईघाईने काहीतरी करून टाकायचं आणि मग कोर्टाला म्हणायचं, ‘आता काय उपयोग?’ ही युक्ती जुनी आहे. तिला मिळालेलं सगळ्यात सडेतोड उत्तर घटस्फोटाच्या एका प्रकरणातलं आहे. चंद्रमोहिनी श्रीवास्तव यांच्या पतीला उच्च न्यायालयात घटस्फोट मिळाला. पत्नी सर्वोच्च न्यायालयात जाईल का, याची वाट न बघता त्याने दुसरं लग्न केलं. त्या लग्नातून मूलही झालं. मग त्याचं म्हणणं असं की आता हे अपील चालवून काय साधणार. सर्वोच्च न्यायालयाने, साल १९६६-६७च्या सुमारास, ते मानलं नाही. लग्न करण्याआधी पुढे अर्ज दाखल झाला आहे का याची चौकशी करणं त्याचं काम होतं, दुसऱ्या लग्नाने पहिल्या पत्नीचा अपिलाचा हक्क मारता येत नाही.

मृत्यूचं गणित याहून गुंतागुंतीचं. सर्वसाधारण दाव्यात पक्षकार गेला तर ९० दिवसांत त्याचे वारस रेकॉर्डवर आणायचे असतात, नाहीतर अपील बाद होतं. बाद होणं आणि निष्फळ होणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बाद होतं ते मुदत चुकल्यामुळे, आणि योग्य कारण असेल तर ते उठवूनही घेता येतं. काही हक्क मात्र माणसाबरोबरच जातात. अब्रूनुकसानीचा दावा फेटाळला गेला, वादीने अपील केलं आणि तो वारला, तर वारसांना ते अपील पुढे नेता येत नाही. तोच वादी खाली जिंकला असेल आणि अपील प्रतिवादीचं असेल, तर गोष्ट बदलते, कारण मिळालेली रक्कम आता त्याच्या इस्टेटीचा भाग झाली आहे. घटस्फोटाच्या हुकूमनाम्याविरुद्धची पत्नीची तक्रार पती गेल्यावरही चालू शकते. ती विधवा आहे की घटस्फोटिता, यावर तिचा वारसाहक्क ठरतो ना.

जागेची गरज कुठपर्यंत टिकायला हवी?

निष्फळ होण्याचा खरा आखाडा म्हणजे घरमालक-भाडेकरू खटले. मालक म्हणतो, मला माझ्यासाठी जागा हवी. महाराष्ट्रात १९९९च्या भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम १६मध्ये हे कारण आहे. दावा, मग अपील, मग उच्च न्यायालयात रिट, कधी सर्वोच्च न्यायालय. एवढ्या वर्षांत ती गरज तशीच राहील, अशी अपेक्षा करणंच मुळात विनोदी आहे. मुलं मोठी होतात, दुसऱ्या शहरात जातात, म्हातारी माणसं मरतात.

न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी १९७५मध्ये पसुपुलेटी वेंकटेश्वरलू यांच्या प्रकरणात यावर पाया घातला. दावा लावल्यानंतर घडलेल्या गोष्टी न्यायालयाने विचारात घ्याव्यात, मात्र दोन्ही बाजूंना न्याय मिळेल अशा रीतीने. त्या प्रकरणात खटला चालू असतानाच मालकाला दुसरी जागा मिळाली होती, आणि न्यायालयाने ती गोष्ट नजरेआड केली नाही.

भाडेकरूंच्या वकिलांनी हे सूत्र उचललं नसतं तरच नवल. काही वर्षांत प्रत्येक अपिलात ‘मधल्या काळातील घडामोडी’चा अर्ज येऊ लागला. गया प्रसाद यांचं प्रकरण त्यातलंच. डॉक्टर मुलाच्या दवाखान्यासाठी मालकाला जागा हवी होती. खटला २३ वर्षं चालला. तेवढ्यात मुलगा सरकारी आरोग्यसेवेत रुजू झाला. भाडेकरू म्हणाला, दवाखान्याची गरजच संपली. २००१मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे ऐकलं नाही. इतकी वर्षं त्या मुलाने हातावर हात ठेवून बसून राहायला हवं होतं का? अर्ज केला त्या दिवशी गरज खरी होती का, हे मुख्य. नंतरची घडामोड गरज पुरती झाकोळून टाकणारी असेल, तरच ती मोजायची. न्यायव्यवस्थेच्या संथपणाची शिक्षा मालकाला नको.

मग २०१०मध्ये केरळमधलं शेषांबाळ यांचं प्रकरण आलं. नवरा-बायको मालक, जागा हवी स्वतःसाठी. प्रकरण वरच्या कोर्टात असताना दोघंही गेले. मुली वारस म्हणून पुढे आल्या. न्यायालयाने विचारलं, अर्जात कुणाची गरज लिहिली होती? आईवडिलांची. ती त्यांच्याबरोबर गेली. मुलींना स्वतःची गरज असेल तर त्यांनी नवा अर्ज करावा.

मला या दोन निकालांमध्ये विसंगती वाटत नाही, पण मालकाच्या अंगावर काटा यावा असा एक धडा नक्की दिसतो. ‘मला आणि माझ्या कुटुंबाला’ असे शब्द पहिल्या दिवशी दाव्यात आहेत की नाहीत, यावर पंधरा-वीस वर्षांनंतरचं भवितव्य ठरू शकतं. तेव्हा मसुदा वाचून सही करा. वकील घाईत असतात.

आणि भाडेकरूची बाजू? वेळ त्याच्या बाजूने धावते, हे खरं आहे. ताबा त्याच्याकडे, भाडं जुनं. या सुखाला आळा बसला तो २००४च्या आत्माराम प्रॉपर्टीजच्या निकालाने. दिल्लीच्या कॅनॉट भागातल्या एका दुकानाचं भाडं होतं महिना ३७१ रुपये ९० पैसे. जागा खाली करण्याचा हुकूम झाला, भाडेकरू अपिलात गेला, तेव्हा स्थगितीची अट म्हणून महिना १५,००० रुपये भरायला सांगितलं गेलं, आणि सर्वोच्च न्यायालयाने ती अट योग्य ठरवली. हुकूम झाल्यानंतर जुन्या भाड्यात राहायचं नाही, बाजारभावाच्या जवळपास रक्कम भरायची. मुंबईत आणि पुण्यात आज स्थगितीच्या अर्जांवर हा निकाल हमखास पुढे येतो.

अंतरिम हुकुमावरची याचिका

बरीच प्रकरणं निष्फळ होतात ती इथेही, आणि याबद्दल बोललं जातं सगळ्यात कमी. समजा, नाशिकच्या दिवाणी न्यायालयात वादीने दावादुरुस्तीचा अर्ज दिला. तो नामंजूर झाला. वादी उच्च न्यायालयात रिट याचिका घेऊन गेला. याचिका दाखल झाली, पण मूळ दाव्याला स्थगिती मिळाली नाही. उच्च न्यायालयाच्या बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, ती मागे पडली. इकडे दावा चालला, साक्षी झाल्या, निकाल लागला, वादी हरला आणि त्याने जिल्हा न्यायालयात अपील केलं. अपील चालू असताना पाच-सहा वर्षांनी ती रिट एकदाची बोर्डावर येते. न्यायमूर्ती विचारतात, दाव्याचं काय झालं? निकाल लागला, अपील प्रलंबित आहे. मग यात काय उरलं? दुरुस्ती कशात करायची, दावाच संपला. दोन ओळींत याचिका निकाली.

वादी घरी येऊन सांगतो, ‘हायकोर्टात हरलो.’ तो हरलेला नाही. त्याचा मुद्दा कुणी तपासलेलाच नाही. संहितेच्या कलम १०५प्रमाणे, अंतरिम हुकुमातल्या चुकीचा निकालावर परिणाम झाला असेल, तर ती चूक हुकूमनाम्याविरुद्धच्या अपिलात कारण म्हणून मांडता येते. म्हणजे नाशिकच्या त्या वादीला अपिलाच्या ज्ञापनात, म्हणजे अपिलाची कारणं मांडणाऱ्या कागदात, एक परिच्छेद घालायचा आहे. दुरुस्तीचा अर्ज तर तो अपिलातही नव्याने देऊ शकतो. अपवाद एक, फेरसुनावणीसाठी प्रकरण परत पाठवणारा हुकूम. त्यावर अपिलाची सोय असून अपील केलं नाही, तर नंतर त्या हुकुमावर बोट ठेवता येत नाही.

इथेच शब्दांना किंमत येते. ‘याचिका निष्फळ ठरल्याने निकाली’ आणि ‘याचिका फेटाळली’ या दोन ओळी पक्षकाराला सारख्याच वाटतात. पण उच्च न्यायालयाने मुद्द्यात शिरून याचिका फेटाळली असेल, तर जिल्हा न्यायाधीश तोच मुद्दा तुमच्या बाजूने पुन्हा कसा उघडणार? निष्फळ म्हणून निकाली निघाली असेल, तर दार उघडं आहे.

तात्पुरत्या मनाई हुकुमाचंही असंच. तो दाव्याच्या आयुष्यापुरता असतो. दावा निकाली निघाला की मनाईही गेली, आणि त्या मनाईविरुद्ध कुणी केलेलं अपीलही निष्फळ. दावा हरलेल्या माणसाला अपिलात मनाई हवी असेल, तर नवा अर्ज द्यावा लागतो. हे माहीत नसल्यामुळे दोन-चार आठवड्यांची फट राहते आणि नेमक्या त्या फटीत कुंपण सरकतं.

कधी कधी मेलेल्या दाव्याच्या अंगावर जिवंत मनाई राहते. मचाडो ब्रदर्स ही शिपिंग कॉर्पोरेशनची एजंट कंपनी. करार संपवण्याच्या नोटिशीविरुद्ध तिने दावा लावला आणि अंतरिम संरक्षण मिळवलं. मग कॉर्पोरेशनने नवी नोटीस दिली, आणि जुन्या नोटिशीवरचा दावा हवेत राहिला. २००४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की दावा निरर्थक झाला असेल तर कलम १५१खालच्या अंगभूत अधिकाराने तो संपवणं हे न्यायालयाचं कर्तव्य आहे. ज्याच्या मागे खरा वाद उरलेला नाही, असा दावा केवळ अंतरिम हुकूम टिकवण्यासाठी जगवायचा नाही.

वाटपाच्या दाव्यात मात्र उलट चूक होते. प्राथमिक (हिस्से ठरवणाऱ्या) हुकूमनाम्यावर अपील चालू असताना खाली अंतिम (प्रत्यक्ष वाटणी करणारा) हुकूमनामा झाला, तर लोक म्हणतात, अपील गेलं. ते जात नाही. पाया हलला तर वरचा मजलाही पडतो. प्राथमिक हुकूमनाम्याला वेळेत आव्हान दिलं नाही, तर मात्र कलम ९७मुळे अंतिम हुकूमनाम्याच्या अपिलात ते दार बंद होतं. हे अपील चालू असताना कायदाच बदलला तर हिस्से बदलूही शकतात. विनीता शर्मा यांच्या २०२०च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तेच सांगितलं: प्राथमिक हुकूमनामा झालेला असला, तरी प्रलंबित दाव्यांत आणि अपिलांत मुलींना मुलांइतका हिस्सा द्या.

निष्फळ झाल्यावर खालचा निकाल कुठे जातो?

कुठेच जात नाही. तो तिथेच उभा राहतो. अमेरिकेत १९५०च्या मन्सिंगवेअर निकालापासून अशी पद्धत आहे की अपिलात असताना प्रकरण आपोआप निष्फळ झालं, तर सहसा खालचा निकालही पुसून टाकतात, म्हणजे ज्याला आव्हान देणं शक्यच राहिलं नाही त्या निकालाने माणूस बांधला जाऊ नये. आपल्याकडे असं आपसूक होत नाही. ते मागावं लागतं.

प्रत्यक्षात होतं असं. तारखेच्या दिवशी तुमचा वकील म्हणतो, ‘काही नाही, एक पुरसिस देऊन टाकू.’ पुरसिस म्हणजे पक्षकाराने कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन. कागदावर एकच ओळ: घडामोडी पाहता याचिका निष्फळ झाली असून निकाली काढावी. सही करण्याआधी त्यात तीन गोष्टी आहेत का बघा. सर्व मुद्दे आणि हक्क खुले ठेवण्याची विनंती. खालच्या हुकुमातली निरीक्षणं प्रलंबित अपिलात किंवा पुढच्या दाव्यात बंधनकारक धरू नयेत, हे वाक्य. आणि या प्रकरणात कोर्टात भरलेली रक्कम असेल, तर ती कुणी आणि कधी काढायची. तिसरी गोष्ट हमखास राहून जाते, आणि मग नाझरच्या, म्हणजे कोर्टात भरलेले पैसे सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याच्या, खात्यातले पैसे सोडवायला आणखी एक अर्ज, आणखी एक तारीख.